भावकी जोडलीत, आता हिशेबही वाचा : कोकणातील यूट्यूबरांना खुले पत्र

प्रति,
रायगड, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग जिल्ह्यांतून गावाकडचे व्हिडिओ करणारी सर्व यूट्यूबर व रीलकार मंडळी यांस,

स. न. वि. वि.

मी सिंधुदुर्गातील एका तालुक्याच्या गावी वकिली करतो. फौजदारी कामे मी घेत नाही. सातबारा, फेरफार, वाटपाचे दावे आणि खरेदीखते यांतच माझी बहुतेक वर्षे गेली. तुमच्याशी माझा संबंध दोन बाजूंनी येतो. रात्री जेवणे आटोपल्यावर आमच्या घरात तुमचे व्हिडिओ लागतात आणि ते बघणाऱ्यांत मीही असतो. सकाळी कार्यालयात मात्र, तुमच्या व्हिडिओवर विश्वास ठेवून विसाराची, म्हणजे सौदा पक्का करण्यासाठीची आगाऊ, रक्कम देऊन बसलेला डोंबिवलीचा किंवा विरारचा एखादा गृहस्थ कागदांची पिशवी मांडीवर घेऊन समोर बसलेला असतो. असे पक्षकार अलीकडे वाढले आहेत. त्यांची हकीकत ऐकताना सारखे जाणवते ते हे की, आपली फसवणूक झाली असे म्हणायलाही त्यांची जीभ रेटत नाही. "तो मुलगा तसा नाही हो, आम्ही रोज बघतो त्याला," असे ते मलाच समजावतात. त्या मुलाला यांचे नावही ठाऊक नसते.

तुम्ही निर्माण केलेली जवळीक खोटी आहे, असा माझा आरोप नाही. ती कोठून आली हे कोकणातल्या माणसाला सांगावे लागत नाही. दोन-तीन पिढ्या मुंबईच्या गिरण्यांत आणि गोद्यांत गेल्या, 1982 च्या संपानंतर गिरणगाव मोडले, माणसे लालबाग-परळच्या खोल्या सोडून डोंबिवली, नालासोपारा, विरारकडे सरकली, आणि गावचे घर गणपतीत व शिमग्यात उघडण्यापुरते उरले. 1998 साली कोकण रेल्वे पूर्ण सुरू झाली, प्रवास सोपा झाला, पण गावी राहणे काही जमले नाही. अशा माणसाला गुडघे धरल्यामुळे आता गाडीत चढवत नाही, आणि तुम्ही त्याला रोज संध्याकाळी लावणी, नांगरणी, भाजावळ, चुलीवरची तांदळाची भाकरी आणि देवळातली आरती आणून दाखवता, तीही त्याच्या कानाला सवयीच्या मालवणीत किंवा संगमेश्वरीत. पर्यटन खात्याच्या जाहिरातींना जे साधले नाही ते तुम्हाला साधले. माझ्या नात्यातील एका वृद्ध बाईंना आपल्या नातवाच्या परीक्षेपेक्षा तुमच्यापैकी एकाच्या म्हशीच्या बाळंतपणाची काळजी अधिक होती. मला त्यात हसण्यासारखे काही वाटले नाही. तिच्या आयुष्यातली म्हैस ज्या वर्षी गोठ्यातून गेली, त्या वर्षापासून ती मुंबईत आहे.

पडद्यावरच्या माणसाशी असे नाते जुळते, ही गोष्ट अभ्यासकांना यूट्यूबच्या कितीतरी आधीपासून माहीत आहे. डोनाल्ड हॉर्टन आणि रिचर्ड वोल या दोन अमेरिकी अभ्यासकांनी 1956 साली, रेडिओ आणि तेव्हा नव्या असलेल्या टेलिव्हिजनच्या निवेदकांबद्दल लिहिताना, या दूरस्थ जवळिकीचे वर्णन करून ठेवले आहे. निवेदक कॅमेऱ्याकडे पाहून अशा सुरात बोलतो की प्रत्येकाला तो आपल्याशीच बोलतोय असे वाटावे; पण हे नाते एकतर्फी असते, त्याचा ताबा बोलणाऱ्याकडे असतो, आणि बघणाऱ्याला समोर ठेवलेल्या नात्यांतून एखादे निवडता येते, स्वतःचे नवे घडवता येत नाही. पटले नाही तर उठून जावे, एवढेच त्याच्या हाती. सत्तर वर्षांपूर्वीचे हे निरीक्षण तुमच्या बाबतीत अधिकच खरे ठरते, कारण तो निवेदक कधी उत्तर देत नसे आणि तुम्ही कधीमधी देता. लाइव्हमध्ये एखाद्याचे नाव घेता, कोणाच्या कमेंटवर बदाम ठेवता. शंभरांतून एकाला मिळालेल्या त्या उत्तरावर उरलेले नव्व्याण्णव पुढच्या संध्याकाळपर्यंत आशा धरून राहतात.

आता माझा मुद्दा सांगतो. तुम्ही प्रेक्षकांना दादा, वहिनी, काका, मावशी म्हणता, आपले "यूट्यूब कुटुंब" म्हणता, आणि प्रेक्षक तुम्हाला भाऊ नाहीतर लेक म्हणतात. परंतु आपल्याकडची भावकी म्हणजे नुसता गोडवा कधीच नव्हता. भावकीत हिस्सा असतो, मानपान असतो, सुतक-सोयर असते, आणि मुख्य म्हणजे जाब विचारण्याची जागा असते. गावऱ्हाटीत, म्हणजे गावच्या देवळाभोवतीच्या रूढ व्यवस्थेत, मानकऱ्यांसमोर, देवळाच्या सभामंडपात, सख्ख्या भावालाही उभे करून विचारता येते की, बाबा, पालखीच्या वर्गणीचे पैसे गेले कोठे? मुंबईत जवळपास प्रत्येक वाडीचे मंडळ आहे. वर्षाकाठी एखाद्या शाळेच्या वर्गात त्याची सभा भरते, सचिव जमाखर्च वाचतो, आणि मागच्या बाकावरचा कोणीतरी मंडपाच्या बिलावरून हमखास भांडण काढतो. भांडणारा आणि ऐकून घेणारा बहुधा चुलतभाऊच असतात आणि सभा संपल्यावर एकाच गाडीने घरी जातात. तुम्ही या नात्यातला गोडवा तेवढा उचललात आणि जाब विचारण्याची ही जागा मात्र वगळलीत. भाऊ म्हटल्यावर पावती मागायची समोरच्याला लाज वाटते आणि ती लाज तुमच्या कामी येते. तुमच्यातील बहुतेकांनी हे ठरवून केले असेल असे मला वाटत नाही. पण झाले आहे हे असे.

जाब विचारणाऱ्याचे तुमच्या चॅनलवर काय होते ते पाहा. पैशाविषयीचा प्रश्न कमेंटमध्ये आला की तो दिसेनासा होतो. यूट्यूबवर एखाद्या प्रेक्षकाला चॅनलपुरते लपवून ठेवण्याची सोय आहे. तशी ती वापरली की त्याचे लिहिणे इतरांना दिसत नाही आणि आपल्याला लपवले आहे हे त्याला कोणी कळवतही नाही. तो बिचारा महिनोन्‌महिने लिहीत राहतो आणि भावाला वेळ नसेल असे समजतो. प्रश्न दिसत राहिलाच, तर तुमचे चाहते त्याच्यावर तुटून पडतात: "गरिबाचा पोरगा वर आलेला बघवत नाही काय?" तुम्ही स्वतः काही बोलत नाही, पुढच्या व्हिडिओत फक्त डोळे पाणावून "काही लोकांना आपले चांगले बघवत नाही" असे म्हणता. हजारोंच्या सभेत एकाकडे बोट न दाखवता एकाला गप्प करण्याची ही ताकद आहे, आणि आमच्या कोणत्याही सरपंचाकडे ती नाही.

जमिनीच्या व्हिडिओंकडे येतो, कारण तेथले मला नीट ठाऊक आहे. हिरवीगार टेकडी, ड्रोनमधून दिसणारी खाडी, "फक्त काही प्लॉट शिल्लक", आणि तुमचा ओळखीचा आवाज: "आपल्या माणसांसाठी आपल्या गावात हक्काची जागा." व्हिडिओत सातबारा एक तर दाखवला जात नाही, नाहीतर दोन सेकंद दाखवून काढून घेतला जातो. कोकणातला सातबारा वाचायला दोन सेकंद पुरत नाहीत. आपल्याकडची जमीन बहुधा सामाईक असते. आजोबा-पणजोबांच्या वारसांची ओळीने नावे असतात, त्यांतले निम्मे मुंबईत, काही मयत आणि त्यांचे वारस लागलेले नाहीत, आणि विकायला निघालेला गृहस्थ त्यांतला एक हिस्सेदार. वाटप झालेले नसताना त्याने "हा कोपरा माझा" म्हणून दाखवलेला कोपरा त्याचा असतोच असे नाही. इतर हक्कांच्या रकान्यात कुळाचे नाव असते, कोठे वनसंज्ञेचा, म्हणजे जमीन वन म्हणून गणल्याचा, शेरा असतो, कोठे खाजगी वनाचा. जाण्यायेण्याची वाट दुसऱ्याच्या जमिनीतून जाते आणि तो देईल तोवरच ती वाट. समुद्र दिसणारी जागा असेल तर किनारा नियमन क्षेत्राचा प्रश्न वेगळाच. आपल्या बहुतेक किनारी गावांत भरतीरेषेपासून आतल्या पट्ट्यात बांधकामावर कडक बंधने आहेत आणि विकत घेतलेल्या जागेवर फक्त उभे राहून समुद्र बघता येतो. शिवाय महाराष्ट्र कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियम, 1948 च्या कलम 63 नुसार, जो शेतकरी नाही त्याला जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीवाचून शेतजमीन विकत घेता येत नाही. यांतले काही ना काही प्रत्येक पक्षकाराला माझ्याकडे आल्यावर कळते. विसार देण्याआधी त्याने वकील का पाहिला नाही, असे मी विचारले की उत्तर ठरलेले असते: घरच्या माणसाकडून घेताना वकील कसा न्यायचा?

स्थावर संपदा कायदा, ज्याला सगळे रेरा म्हणतात, तो 2016 चा. पाचशे चौरस मीटरपेक्षा मोठ्या जागेवर प्लॉट पाडून विकायचे असतील तर महारेराकडे, म्हणजे या कायद्याखालच्या राज्याच्या प्राधिकरणाकडे, नोंदणी झाल्याशिवाय त्याची जाहिरात करता येत नाही, आणि जाहिरातीत नोंदणी क्रमांक द्यावा लागतो. विकासकासाठी हे नियम आहेत, आपल्याला काय त्याचे, असे तुमच्यातील एका तरुणाने मला ऐकवले होते. त्याच कायद्यात मध्यस्थाची व्याख्या आहे आणि तिच्यात, मोबदला घेऊन, कोणत्याही माध्यमातून, घेणाऱ्याची आणि विकणाऱ्याची गाठ घालून देणारा माणूसही येतो. कोणत्याही माध्यमातून, हे शब्द कायद्यातले आहेत. प्लॉटमागे दलाली घेणारा यूट्यूबर हा कायद्याच्या नजरेत बाजारातला एजंटच ठरू शकतो, आणि नोंदणीशिवाय नोंदणीकृत प्रकल्पाचे काम करणाऱ्या एजंटाला दिवसाला दहा हजार रुपये दंडाची तरतूद आहे. दंडाची भीती घालण्यासाठी मी हे लिहीत नाही. (आजवर कोकणातल्या किती यूट्यूबरांच्या दारात कोण अधिकारी गेला, हे तुम्हाला माझ्यापेक्षा चांगले माहीत आहे.) मला दाखवायचे आहे ते एवढेच की, तुम्ही स्वतःला घरातले मूल समजत असताना कायदा तुम्हाला दुकानदार समजतो आणि या बाबतीत कायद्याचे बरोबर आहे.

जमिनीखेरीज इतर मालाच्या बाबतीतही हेच. ग्राहक संरक्षण अधिनियम, 2019 मध्ये दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीत शिफारस करणाऱ्याला पहिल्या खेपेस दहा लाख रुपयांपर्यंत आणि पुन्हा तसेच केल्यास पन्नास लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. ज्याने शिफारशीपूर्वी खरेखोटे पारखून घेतले असेल त्याला त्यातून सूट आहे. केंद्र सरकारच्या ग्राहक व्यवहार विभागाने जानेवारी 2023 मध्ये तुमच्यासारख्यांसाठी सोप्या शब्दांत सूचनाही काढल्या. पैसे, फुकट वस्तू, सवलत, सहल, हॉटेलातला फुकट मुक्काम, इतकेच काय, विकणाऱ्याशी असलेले नाते, यांपैकी काहीही असेल तर ते उघड सांगायचे. व्हिडिओखालच्या मजकुरात लपवायचे नाही, बोलूनही सांगायचे आणि पडद्यावरही लिहायचे. लाइव्ह असेल तर ते सतत दिसत राहिले पाहिजे. आता तुमचे मागल्या वर्षीचे होमस्टेचे व्हिडिओ आठवा. तारकर्लीत, गुहागरात, दिवेआगरात तुम्ही दोन रात्री राहिलात, सुरमईचे ताट समोर घेऊन "काकूंच्या हाताला चव आहे हो" म्हणालात. ताटाचे आणि खोलीचे पैसे कोणी दिले हे कोठे सांगितलेत? काकूंच्या हाताला चव असेलच. मी त्याविषयी वाद घालत नाही.

आंब्याचे थोडे निराळे आहे, कारण तेथे मला तुमचे कौतुकही आहे. हापूसला 2018 मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, ते पालघरपासून सिंधुदुर्गापर्यंतच्या पाच जिल्ह्यांसाठी. परजिल्ह्यांतला, परराज्यांतला आंबा देवगडच्या नावाने पेटीत भरून विकण्याचा धंदा जुना आहे आणि तुमच्यातील काहींनी बागायतदाराला दलालाच्या कचाट्यातून सोडवून थेट गिऱ्हाइकापर्यंत नेले, हे खरेच. परंतु "आमच्या बागेतला" म्हणून विकलेल्या पेट्यांची संख्या आणि व्हिडिओत दिसणाऱ्या कलमांची संख्या यांचा मेळ बसत नाही, हे कोणताही बागायतदार सांगेल. शेजारच्या चार बागांतून माल घेतला असेल तर त्यात लाजण्यासारखे काय आहे? तसे सांगा आणि विका. लोक तरीही घेतील.

मदतीच्या व्हिडिओंवर मला अधिक कठोर लिहावे लागेल. गळके छप्पर, एकटी म्हातारी, तिचे रडे, आणि खाली तुमच्या स्वतःच्या खात्याचा क्यूआर कोड. पैसे किती आले, किती पोचले, उरले त्याचे काय झाले, याचा एक व्हिडिओ निघतो तोही पत्रे बसवल्याचा, जमाखर्चाचा नव्हे. गणेशोत्सव मंडळाला वर्गणी काढायची तर धर्मादाय आयुक्तांकडे जावे लागते आणि मागाहून हिशेब द्यावा लागतो. तुमच्या खात्यात कदाचित त्याहून मोठी रक्कम एका रात्रीत येते. शिवाय त्या म्हातारीने होकार दिला तो कोणत्या स्थितीत? तिच्यासमोर छप्पर किंवा अब्रू यांतले एक निवडा, असा पेच तुम्ही टाकलात. उद्या तिचा नातू शाळेत जाईल तेव्हा वर्गातली मुले त्याला तो व्हिडिओ दाखवतील.

आता त्या लोकांविषयी, जे ना तुमचे प्रेक्षक आहेत ना भागीदार, आणि तरीही तुमच्या चित्रात आहेत. आमच्याकडे देवळात गाऱ्हाणे घालतात. माणूस आपले दुःख देवापुढे मांडतो आणि ते त्याच्या वतीने मोठ्याने उच्चारले जाते, नावानिशी, गावानिशी: अमक्याच्या सुनेला मूल होत नाही, तमक्याचा मुलगा दारूला लागला आहे, तर बा महाराजा, त्याची वाट सरळ कर. भोवतालचे वीस-पंचवीस लोक ते ऐकतात आणि "व्हय म्हाराजा" म्हणतात. ऐकणारे सगळे वाडीतले असल्यामुळे ते ऐकणे हेच एक बंधन असते; ज्याने गाऱ्हाणे ऐकले त्याने त्या घराला सांभाळून घ्यावे अशी अपेक्षा असते, आणि चेष्टा केली तर त्यालाही त्याच देवळात यायचे असते. तुम्ही याला "कोकणची परंपरा" असे नाव देऊन ते संपूर्ण, नावांसकट, लाखभर लोकांना ऐकवता, ज्यांच्यावर असे कोणतेही बंधन नाही. अवसर आलेल्या, म्हणजे अंगात आलेल्या, बाईचे चित्रण करून त्यावर संगीत घालणारे व्हिडिओही मी पाहिले आहेत. देवळाच्या मानकऱ्यांनी परवानगी दिली होती, असे उत्तर मिळते. त्यांनी देवळाची परवानगी दिली. त्या बाईची परवानगी देण्याचा अधिकार त्यांना कोणी दिला?

घरातली मुले हे याच प्रश्नाचे अधिक नाजूक रूप. तुमचे लहानगे बोबडे मालवणी बोलते तो व्हिडिओ सर्वांत जास्त चालतो, हे तुम्हीच मुलाखतींत सांगता. सिनेमा-मालिकांत काम करणाऱ्या बालकलाकारांसाठी आपल्याकडे नियम आहेत: दिवसाला पाच तासांहून अधिक काम नाही, सलग तीन तासांहून अधिक नाही, आणि मिळकतीपैकी किमान वीस टक्के रक्कम त्याच्या नावे राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेव म्हणून ठेवायची. ते नियम बाहेरच्या निर्मात्याला डोळ्यांसमोर ठेवून केले गेले. निर्माता स्वतः बापच असेल, चित्रीकरण पडवीत असेल आणि दिवसाचे तास मोजायला कोणीच नसेल, ही स्थिती तेव्हा कोणाच्या मनात नव्हती. यूट्यूबने 2019 मध्ये लहान मुले दिसणाऱ्या बहुतेक व्हिडिओंखालील कमेंट बंद केल्या, त्या मुलांवर येणाऱ्या विकृत शेऱ्यांमुळे. त्यानंतरही मुलाच्या आंघोळीचे, आजारपणाचे, रुसण्याचे चित्रण चालूच आहे. मूल चौदा वर्षांचे झाल्यावर त्याला हे सगळे नको असले तर तो कोणाकडे दाद मागेल, याचा विचार त्याच्या आईबापांनीच करायचा आहे.

प्रेक्षकांचा तुमच्यावरचा जुलूमही मी जाणतो. "येवा, कोकण आपलाच असा" हे आपण इतकी वर्षे म्हणत आलो की शेवटी लोक ते खरे मानून दारात येऊन उभे राहू लागले. तुमच्या एका स्नेह्याच्या घरी मे महिन्यात रोज अनोळखी गाड्या येतात. त्याच्या आईने चहा केला नाही तर कमेंट येते की यश डोक्यात गेले. चॅनल चालवणाऱ्या मुलींचे तर बोलायलाच नको. टिकली का लावली नाही, सासूशी पटत नाही वाटते, मूल कधी, हे त्या विचारणाऱ्यांना विचारता येते कारण लग्नापासून डोहाळजेवणापर्यंत सगळे त्यांना दाखवले आहे आणि "तुमच्यामुळेच आम्ही इथवर आलो" असे शंभरदा सांगितले आहे. एकदा असे म्हटले की माणूस आपला हक्क मागतो. सुपर चॅटमधून शंभर रुपये देणाऱ्याचा संदेश रंगीत पट्टीत वर दिसतो, सभासदत्व घेणाऱ्याच्या नावापुढे बिल्ला लागतो; त्याने पैसे देऊन जवळीक विकत घेतली अशी त्याची समजूत होते आणि यूट्यूब त्या रकमेतला तीस टक्के वाटा घेऊन बाजूला होते. हा जुलूम थांबायला हवा, हे मान्य. परंतु दार किती उघडायचे हे पहिल्या दिवशी तुम्हीच ठरवले होते, आणि ते थोडे लोटून घेणेही तुमच्याच हातात आहे. घरी यायची वेळ ठरवा, घराचा रस्ता दाखवू नका, सुतकात कॅमेरा बंद ठेवा. यात कोणाचा अपमान नाही. पूर्वी गावातल्या डॉक्टरच्या दारावरही वेळा लिहिलेल्या असत.

तुमची आर्थिक अडचणही मी नजरेआड करत नाही. जाहिरातींचे उत्पन्न सुरू होण्यासाठी हजार सबस्क्रायबर आणि वर्षात चार हजार तासांचे पाहणे गोळा करावे लागते. त्यानंतर जाहिरातीतला पंचावन्न टक्के वाटा मिळतो खरा, पण मराठी व्हिडिओवरच्या जाहिरातीचा दर इंग्रजीच्या मानाने इतका कमी असतो की त्यावर घर चालत नाही. म्हणून प्लॉट, म्हणून पेट्या, म्हणून सहली. कोकणात राहून कोकणातच पोट भरणारा तरुण मला हवाच आहे. मुंबईला न जाता त्याने धंदा केला तर त्याचे अभिनंदन पहिले मी करीन. धंदा करताना मात्र नाते मध्ये उभे करू नये, एवढेच मागणे आहे. नाते जोडायचेच असेल, तर वाडीच्या मंडळाचा सचिव जसा सभेत उभा राहून जमाखर्च वाचतो, तसे वर्षातून एकदा कॅमेऱ्यासमोर उभे राहून वाचा: कोणाकडून किती पैसे घेतले, कोणते मुक्काम फुकट होते, मदतीचे किती आले आणि कोठे गेले, कोणत्या जागेच्या व्यवहारात दलाली घेतली. आणि त्या व्हिडिओखालचा एकही प्रश्न काढू नका, तो कितीही कुजका असो. मदतीसाठी निराळे खाते काढा. गाऱ्हाण्याच्या वेळी फोन खिशात ठेवा.

जमिनीच्या बाबतीत मी स्वतःकडून एक गोष्ट देऊ करतो. कोणत्याही जागेचा व्हिडिओ करण्यापूर्वी चालू सातबारा, आठ-अ (खातेदाराच्या एकूण जमिनीचा उतारा), गेल्या तीस वर्षांचे फेरफार, मोजणीचा नकाशा आणि प्लॉट पाडले असतील तर महारेराचा क्रमांक, एवढे कागद घेऊन माझ्याकडे किंवा तालुक्यातील तुमच्या विश्वासातील कोणत्याही दिवाणी वकिलाकडे या. माझ्याकडे आलात तर मी फी घेणार नाही. मात्र मी जे लिहून देईन ते तुम्हाला व्हिडिओत जसेच्या तसे वाचावे लागेल, आणि त्यात हिस्सेदारांची संमती नाही असे लिहिलेले असेल तर तेही वाचावे लागेल. मे महिन्यात चाकरमानी गावी असतात आणि सर्वाधिक विसार त्याच महिन्यात दिले जातात. तेव्हा येणार असाल तर एप्रिलमध्येच या, नंतर माझ्याकडे तुमच्या प्रेक्षकांची गर्दी असते.

कळावे, लोभ असावा, ही विनंती.

आपला,
सिंधुदुर्ग जिल्ह्यातील एक दिवाणी वकील